एमी पुरस्कार: गोव्यातून वारंवार विचारले जाणारे प्रश्न

चवथीची माटोळी (गणपतीवर टांगलेली फळाफुलांची आरास) उतरली की माझ्या फोनवर एमीचे प्रश्न यायला लागतात. विचारणारे फोंडा, डिचोली, साखळी, पेडणे, काणकोण असे सगळीकडचे. त्यांतले बरेच जण कधी ना कधी तोंडाला रंग लावलेले, नाहीतर विंगेत उभं राहून पडदा ओढलेले. त्यामुळे प्रश्नही कसबी असतात, वरवरच्या उत्तराने भागत नाही. एकेकाला वेगळं लिहिण्यापेक्षा सगळं इथे एकत्र केलं आहे. तेच उत्तर दोनदा यायला नको म्हणून मधे मधे दुसऱ्या प्रश्नाचा आकडा दिला आहे. माहिती २०२५ अखेरपर्यंतची आहे.

१. एमी म्हणजे नक्की काय? टीव्हीचा ऑस्कर म्हणतात ते बरोबर का?

समजायला सोपं म्हणून चालेल. चित्रपटाला ऑस्कर, संगीताला ग्रॅमी, ब्रॉडवेच्या नाटकाला टोनी, तसा टीव्हीवरच्या कामाला एमी. आता 'टीव्ही'त ओटीटीही आलं. पहिला सोहळा २५ जानेवारी १९४९ रोजी लॉस एंजेलिसच्या हॉलिवूड अ‍ॅथलेटिक क्लबमध्ये झाला. पुरस्कार होते अवघे सहा, तेही त्याच शहराच्या परिसरात दिसणाऱ्या कार्यक्रमांपुरते. पहिला एमी मिळाला तो शर्ली डिन्सडेल या विशीतल्या मुलीला. ती बोलक्या बाहुलीचे खेळ करायची आणि तिच्या बाहुलीचं नाव होतं जूडी स्प्लिंटर्स. रामदास पाध्यांचा अर्धवटराव बघत जे वाढले, त्यांना ही सुरुवात फार जवळची वाटेल.

२. एमी हे कुणा बाईचं नाव आहे का?

नाही. जुन्या टीव्ही कॅमेऱ्यात 'इमेज ऑर्थिकॉन' नावाची नळी असायची. तंत्रज्ञ तिला लाडाने 'इमी' म्हणायचे. पुरस्काराची आकृती स्त्रीची ठरली, तेव्हा 'इमी'चं 'एमी' झालं. आकृती केली लुई मॅकमॅनस या टीव्ही इंजिनिअरने, आणि त्यासाठी त्याची बायको डोरथी समोर उभी राहिली. पंख कलेचे आणि हातातला अणू विज्ञानाचा, असा त्याचा अर्थ. पुतळी जवळजवळ तीन किलोची आहे, म्हणून तर मंचावर लोक ती दोन्ही हातांनी धरतात.

३. प्राइमटाइम एमी, डेटाइम एमी, इंटरनॅशनल एमी... एमी आहेत तरी किती?

सगळ्यात जास्त गोंधळ इथे होतो, आणि आपल्याकडच्या बातम्यांतही 'अमुकला एमी' एवढंच छापून येतं. पुतळी एकाच नावाची असली तरी देणाऱ्या संस्था तीन आहेत.

लॉस एंजेलिसची टेलिव्हिजन अकादमी प्राइमटाइम एमी देते. आपण 'एमी' म्हणतो तो बहुतेक वेळा हाच, सप्टेंबरमधला. न्यूयॉर्कची नॅशनल अकादमी डेटाइम, बातम्या आणि माहितीपट, खेळ अशा विभागांचे एमी देते. तिसरी इंटरनॅशनल अकादमी. तिचा सोहळा नोव्हेंबरमध्ये न्यूयॉर्कला होतो आणि तो अमेरिकेबाहेर तयार झालेल्या कार्यक्रमांसाठी असतो. भारतीय मालिकेला एमी मिळाला असं वाचलंत तर तो हा तिसरा, असं समजायला हरकत नाही. तो कमी प्रतीचा नाही, पण वेगळा आहे. भारतीय विजेत्यांसाठी प्रश्न १२ पाहा.

४. कुठल्या काळातलं काम धरतात? डिसेंबरमध्ये आलेली मालिका पुढच्या सप्टेंबरमध्ये का?

प्राइमटाइम एमीचं वर्ष १ जून ते ३१ मे असं चालतं. नामांकनं जुलैच्या मध्यावर जाहीर होतात आणि सोहळा सप्टेंबरमध्ये. आपल्या वेळी शाळेचं वर्ष जूनला सुरू व्हायचं तसंच धरा, म्हणजे डोक्यात राहतं. म्हणून नुकतीच आलेली, सगळीकडे गाजणारी मालिका नामांकनात दिसली नाही तर घाईने कुणाला दोष देऊ नका, तिची पाळी पुढच्या वर्षी असते.

५. मतं कोण देतं? आपल्या नाट्यस्पर्धेसारखे परीक्षक असतात का?

कला अकादमीच्या मराठी नाट्यस्पर्धेत परीक्षक प्रेक्षागृहात टेबलावर छोटा दिवा लावून बसतात. प्रयोग त्यांच्या डोळ्यांसमोर होतो आणि निकाल त्या मोजक्या माणसांचा असतो. आपल्याला त्यांचे चेहरे माहीत असतात, निकालावर वाद घालायचा तर कुणाशी घालायचा हेही माहीत असतं.

एमीत तसं नाही. टेलिव्हिजन अकादमीच्या मतदारांची संख्या वीस हजारांच्या वर आहे आणि सगळे याच धंद्यातले. त्यांचे गट असतात: नटांचा, लेखकांचा, संकलकांचा, ध्वनीवाल्यांचा, वेशभूषाकारांचा. अभिनयाला नट मत देतात, लेखनाला लेखक. सर्वोत्तम मालिका कोणती, यावर मात्र सगळ्या गटांना मत असतं.

नाटकवाल्यांनी लक्षात ठेवावी अशी आणखी एक गोष्ट आहे. चालू मालिकेतल्या नटाला त्या वर्षातला एक भाग निवडून सादर करावा लागतो. दहा भागांत जीव ओतला, पण निवड चुकली, तर पंचाईत. म्हणून एखाद्या नटाला एमी मिळाला की त्याने कोणता भाग दिला होता ते मी शोधते आणि तो भाग आधी बघते. नटाला स्वतःचं कुठलं काम दाखवावंसं वाटलं, हे त्यातून कळतं.

६. २०२५ मध्ये कोण जिंकलं? थोडक्यात सांगा.

सोहळा १४ सप्टेंबर २०२५ ला झाला, हा ७७ वा. सूत्रसंचालन नेट बार्गात्झी या विनोदवीराचं.

सर्वोत्तम ड्रामा मालिका 'द पिट'. पिट्सबर्गच्या एका इस्पितळातली आपत्कालीन विभागाची एकच पाळी, पंधरा भाग, आणि प्रत्येक भाग त्या पाळीतला एक तास. मुख्य अभिनेता नोआ वायली. याच माणसाला तरुणपणी 'ईआर' या डॉक्टरांच्याच मालिकेसाठी पाच वेळा नामांकन मिळालं होतं आणि पाचही वेळा तो रिकाम्या हाताने घरी गेला होता. पुन्हा गळ्यात स्टेथोस्कोप घालून त्याने पहिला एमी घेतला, तेव्हा मला भरून आलं. याच मालिकेसाठी कॅथरीन लानासा सहायक अभिनेत्री ठरली.

'सेव्हरन्स'ला सगळ्यात जास्त, २७ नामांकनं होती. ड्रामा मालिकेचा मान तिला मिळाला नाही, पण ब्रिट लोअर मुख्य अभिनेत्री ठरली आणि ट्रॅमेल टिलमन सहायक अभिनेता. ड्रामातला सहायक अभिनेत्याचा एमी मिळवणारा तो पहिला कृष्णवर्णीय नट.

विनोदी मालिकांत 'द स्टुडिओ'ने १३ पुरस्कार घेतले. विनोदी मालिकेने एका वर्षात इतके घेण्याचा हा विक्रम आहे. सेथ रोगनने एकट्याने एका रात्रीत चार पुतळ्या उचलल्या. 'हॅक्स'साठी जीन स्मार्ट आणि हॅना आइनबाइंडर. मर्यादित ('लिमिटेड', म्हणजे एका सीझनमध्ये संपणारी) मालिका 'अ‍ॅडोलेसन्स', तिच्यासाठी पुढचा प्रश्न राखून ठेवला आहे.

७. 'अ‍ॅडोलेसन्स'चं एवढं काय? चारच भाग तर आहेत.

चारच आहेत, आणि प्रत्येक भाग एकाच अखंड टेकमध्ये चित्रित केलेला आहे. मधे एकही काट नाही. तेरा वर्षांच्या मुलावर वर्गातल्या मुलीच्या खुनाचा आरोप येतो, आणि पोलीस दार फोडून घरात शिरतात तिथपासून कॅमेरा थांबत नाही.

नाटकवाल्यांना हे वेगळं समजावून सांगावं लागत नाही. तिसरी घंटा झाली की परत फिरणं नसतं. वाक्य विसरलं तरी पुढे जायचं, समई विझली तरी पुढे जायचं. टीव्हीचा नट मात्र तुकड्या-तुकड्यांत काम करतो, चुकलं की परत घेतात. इथे चाळिसाव्या मिनिटाला कुणी अडखळलं तर सगळी पलटण पुन्हा पहिल्या मिनिटाला. प्रत्येक भागासाठी तीन आठवडे ठेवले होते: एक नटांच्या तालमीचा, एक कॅमेरा आणि तंत्रज्ञांसह तालमीचा, आणि एक प्रत्यक्ष चित्रणाचा. दुसऱ्या भागाच्या शेवटी कॅमेरा माणसांच्या हातांतून थेट ड्रोनला जोडला जातो आणि गावावरून उडत जातो, तोही न थांबता.

यातला मुलगा ओवेन कूपर. याआधी त्याने व्यावसायिक काम केलेलंच नव्हतं. तिसऱ्या भागात तो आणि मानसशास्त्रज्ञ झालेली एरिन डोहर्टी, एक टेबल, दोन खुर्च्या, बाकी काही नाही. मधेच मुलाला खरीखुरी जांभई येते. डोहर्टी भूमिका न सोडता त्याला विचारते, 'कंटाळा आणतेय का मी तुला?' हे वाक्य संहितेत नव्हतं. मुलाच्या ओठांवर क्षणभर हसू येतं आणि खेळ पुढे सरकतो. समोरच्याची चूक झेलून तिचंच सोनं करणं याला आपल्याकडे 'सांभाळून घेणं' म्हणतात, आणि इतक्या जवळून मी ते टीव्हीवर क्वचितच पाहिलं आहे.

दोघांनाही एमी मिळाला. कूपर तेव्हा १५ वर्षांचा होता, अभिनयाचा एमी मिळवणारा सगळ्यात लहान पुरुष कलाकार. (मुलींमध्ये रोक्साना झाल हिला १९८४ मध्ये चौदाव्या वर्षी मिळाला होता.) वडिलांचं काम करणारा स्टीफन ग्रॅहम मुख्य अभिनेता ठरला. लेखनाचा पुरस्कार त्याचा आणि जॅक थॉर्नचा मिळून, दिग्दर्शनाचा फिलिप बॅरन्टिनी यांचा. आदल्या आठवड्यात पात्रनिवड आणि छायाचित्रणाचेही मिळाले होते. ते वेगळ्या रात्री का, ते प्रश्न १५ मध्ये.

८. २०२४ मध्ये 'शोगुन' जिंकली. जपानी मालिकेला अमेरिकन पुरस्कार कसा?

मालिका अमेरिकन निर्मितीची आहे, संवाद मात्र बहुतांश जपानी. १८ एमी मिळाले, एका सीझनला इतके याआधी कुणालाच मिळाले नव्हते. मुख्यतः इंग्रजीत नसलेल्या मालिकेला सर्वोत्तम ड्रामाचा मान मिळण्याचीही ती पहिलीच वेळ. हिरोयुकी सानाडा आणि अ‍ॅना सवाई मुख्य अभिनेता-अभिनेत्री. भाषेची भिंत आधी तडकवली होती कोरियन 'स्क्विड गेम'ने: २०२२ मध्ये ली जंग-जे हा इंग्रजीत नसलेल्या भूमिकेसाठी मुख्य अभिनेत्याचा ड्रामा एमी घेणारा पहिला नट ठरला.

गोव्याच्या माणसाने 'शोगुन' बघावी याला आणखी एक कारण आहे. गोष्ट १६०० सालची, आणि जपानमधले पोर्तुगीज व्यापारी व जेझुइट पाद्री तिच्यात आहेत. मालिकेत जे इंग्रजी ऐकू येतं, ते खरं पोर्तुगीज समजायचं असतं. जपानमध्ये जेझुइटांचं काम सुरू केलं ते १५४९ मध्ये तिथे पोचलेल्या फ्रान्सिस झेवियरने, आणि तो निघाला होता गोव्याहून. त्याचं शव आपल्या जुन्या गोव्यात, बॉम जेझसच्या बासिलिकेत आहे. मालिकेतले पाद्री ज्या अधिकाराने बोलतात, त्याची एक नाळ मांडवीच्या काठाला जोडलेली आहे, हे ध्यानात ठेवून बघा. प्रसंगांना वेगळंच वजन येतं.

९. २०२४ मध्ये एमी दोनदा झाले असं ऐकलं. चूक आहे ना?

चूक नाही. २०२३ मध्ये हॉलिवूडच्या लेखकांनी मे महिन्यात आणि नटांनी जुलैमध्ये संप पुकारला. संपात नट सोहळ्याला जाणार नाहीत, मग सोहळा कसला? ७५ वा सोहळा पुढे ढकलला गेला आणि १५ जानेवारी २०२४ ला, नेमका आपल्या संक्रांतीच्या दिवशी झाला. त्यात 'सक्सेशन', 'द बेअर' आणि 'बीफ' जिंकल्या. ७६ वा ठरल्या वेळी, १५ सप्टेंबर २०२४ ला. म्हणून 'द बेअर'चे २०२४ मधले पुरस्कार मोजताना कोणता सोहळा ते आधी बघा. बातम्यांत हमखास सरमिसळ होते.

१०. 'द बेअर' बघून मला रडू आलं. ती विनोदी मालिका कशी काय?

हा प्रश्न मला सगळ्यात जास्त वेळा आला आहे, आणि तो रास्त आहे. भावाच्या आत्महत्येनंतर त्याचं खानावळवजा दुकान चालवणाऱ्या आचाऱ्याची गोष्ट विनोदात कशी बसते?

उत्तर नियमांत आहे. अमेरिकेत अर्ध्या तासाचं ते विनोदी आणि तासाचं ते ड्रामा, अशी जुनी वहिवाट होती. २०१५ मध्ये तिचा नियमच झाला. २०२१ मध्ये तो काढला आणि निर्मात्यांनी विभाग निवडावा असं ठरलं. 'द बेअर'चे भाग साधारण अर्ध्या तासाचे, निर्मात्यांनी विनोदी निवडलं, पुरस्कार मिळत गेले. ७६ व्या सोहळ्यात तिला एकूण ११ मिळाले. तो विक्रम वर्षभराने 'द स्टुडिओ'ने मोडला. मात्र विनोदी मालिकेचा मुख्य मान त्या रात्री 'हॅक्स'ने नेला.

माझं मत विचाराल तर ही निवड मला पटत नाही. लोकांना हसवणं हे वेगळं आणि अवघड कसब आहे, फार्सला उभा राहिलेला कुठलाही नट हे सांगेल. त्याच्या वाट्याचं ताट दुसऱ्यापुढे जाऊ नये.

११. एकच भूमिका दोन्ही विभागांत जिंकू शकते का? आणि 'लिमिटेड' मालिका नंतर ड्रामात कशी जाते?

जिंकू शकते. उझो अडूबा 'ऑरेंज इज द न्यू ब्लॅक'साठी आधी विनोदी आणि मग ड्रामा विभागात जिंकली, कारण २०१५ च्या नियमाने मालिकाच तिकडे ढकलली गेली. तिच्याआधी एड अ‍ॅस्नरने लू ग्रँट ही एकच व्यक्तिरेखा दोन मालिकांत करून दोन्हीकडे एमी मिळवला होता.

'लिमिटेड' म्हणजे एका सीझनमध्ये गोष्ट पुरी होणारी. पुढचा सीझन ठरला की ती ड्रामा धरली जाते. 'द व्हाइट लोटस' अशीच गेली. 'शोगुन'ही आधी एकाच सीझनची म्हणून आली होती, पुढचे सीझन ठरल्यावर ड्रामात उतरली.

१२. भारतीयांना आजवर कोणते एमी मिळाले?

इंटरनॅशनल एमीत सर्वोत्तम ड्रामा मालिकेचा मान २०२० मध्ये 'दिल्ली क्राइम'ला मिळाला, आणि असा मान मिळवणारी ती पहिली भारतीय मालिका. दिग्दर्शक रिची मेहता, मुख्य भूमिकेत शेफाली शाह. कोविडमुळे तो सोहळा ऑनलाइन झाला होता. २०२३ मध्ये वीर दास 'लँडिंग' या कार्यक्रमासाठी विनोदी विभागात जिंकला, पण बरोबरीत: दुसरी विजेती होती 'डेरी गर्ल्स'. एमीत मतं सारखी पडली तर दोघांनाही पुतळी मिळते. त्याच रात्री एकता कपूर यांना डायरेक्टोरेट पुरस्कार मिळाला. तो एका कार्यक्रमासाठी नसून टीव्हीक्षेत्रातल्या एकूण कामगिरीसाठी असतो. २०२४ च्या सोहळ्याचं सूत्रसंचालनही वीर दासने केलं.

नामांकनांपर्यंत पोचलेले बरेच आहेत: २०१९ मध्ये राधिका आपटे आणि 'सेक्रेड गेम्स', २०२० मध्ये अर्जुन माथूर, २०२१ मध्ये नवाजुद्दीन सिद्दीकी आणि 'आर्या', २०२३ मध्ये शेफाली शाह आणि जिम सर्भ, २०२५ मध्ये 'अमरसिंग चमकीला'साठी दिलजित दोसांझ. नामांकन म्हणजे विजय नव्हे. गावच्या व्हॉट्सअ‍ॅप गटावर 'आपल्या राधिकाला एमी' असं फिरलं होतं. तिचं काम थोर आहे, पण ते नामांकनच होतं.

प्राइमटाइम एमीत भारतीय वंशाची नावं आहेत. आर्ची पंजाबी हिला २०१० मध्ये 'द गुड वाइफ'साठी सहायक अभिनेत्रीचा मिळाला. अझीझ अन्सारीला 'मास्टर ऑफ नन'च्या लेखनासाठी २०१६ आणि २०१७ असा दोनदा.

१३. आपली मराठी मालिका एमीला पाठवता येईल का?

प्राइमटाइमला नाही. तिथे अमेरिकन निर्मिती किंवा अमेरिकन भागीदार सुरुवातीपासून पैशाने आणि सर्जनाने सामील असलेली सहनिर्मिती लागते. 'स्क्विड गेम'चा मार्ग त्यातूनच निघाला. इंटरनॅशनल एमीला भाषेची आडकाठी नाही, इंग्रजी सबटायटल असली की झालं. त्यामुळे मराठीतल्या नेटक्या, मोजक्या भागांच्या मालिकेला दार उघडं आहे. सबटायटल मात्र नीट करा. भाषांतर कच्चं राहिलं तर चांगला संवादही परक्याला सपाट वाटतो.

१४. मग गोव्यात इफ्फीला वेब सिरीजचा पुरस्कार देतात, तो एमीच का?

नाही, त्याचा एमीशी संबंध नाही. इफ्फी म्हणजे भारताचा आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव, तो २००४ पासून गोव्यात होतो. त्यात सर्वोत्तम वेब सिरीजचा पुरस्कार २०२३ मध्ये, ५४ व्या महोत्सवापासून सुरू झाला. भारतीय भाषेतल्या ओटीटी मालिकांसाठी आहे, रोख रक्कम १० लाख रुपये. इथे परीक्षक मंडळ निवड करतं, एमीसारखं हजारो सभासदांचं मतदान नसतं (प्रश्न ५).

पहिल्या वर्षी 'पंचायत'चा दुसरा सीझन. २०२५ मध्ये 'बंदिश बँडिट्स'चा दुसरा. आणि या दोहोंच्या मधे, २०२४ मध्ये, आपली मराठी 'लंपन', दिग्दर्शक निपुण धर्माधिकारी. प्रकाश नारायण संतांच्या कथांमधला हा मुलगा आजी-आजोबांकडे राहायला येतो, आणि तो ज्या मुलखात वाढतो तो आपल्याला परका नाही. चोर्ला घाट चढलं की पलीकडे बेळगाव. कन्नडचा हेल घेतलेलं ते मराठी आपल्यापैकी कित्येकांच्या आजोळचं, मावशीचं, बाजारहाटाचं मराठी आहे. हिंदी मालिकांच्या बरोबरीने नामांकनात बसून एका सीमेवरच्या बोलीने पणजीच्या महोत्सवात मान घ्यावा, याचा मला आजही आनंद होतो. ज्यांनी अजून पाहिली नाही त्यांनी मुलांना शेजारी बसवून पाहावी.

१५. मी प्रकाशयोजना करतो. सोहळ्यात नेपथ्य, प्रकाश, ध्वनी यांना पुरस्कार देताना दिसत नाहीत. देत नाहीत का?

देतात, भरपूर देतात. एमीचे विभाग शंभराहून अधिक आहेत. एका रात्रीत मावत नाहीत, म्हणून मुख्य सोहळ्याच्या आधी 'क्रिएटिव्ह आर्ट्‌स एमी' वेगळे होतात, हल्ली दोन रात्री. छायाचित्रण, संकलन, वेशभूषा, केशभूषा, ध्वनी, पात्रनिवड, शीर्षकचित्रं, साहसदृश्यं, पाहुणे कलाकार, सगळं तिथे. 'शोगुन'च्या अठरापैकी चौदा पुतळ्या तिथल्याच होत्या.

जगभरच्या बातम्या मात्र मुख्य रात्रीच्या असतात. आपल्या स्पर्धेच्या निकालात नेपथ्य आणि रंगभूषेचं पारितोषिक नाटकाच्या पारितोषिकाबरोबर एकाच यादीत छापून येतं, आणि तेच मला बरं वाटतं. एमीची यादी बघाल तेव्हा टेलिव्हिजन अकादमीने जाहीर केलेली पूर्ण यादी बघा. तुमच्या कामाचे लोक तिथे भेटतील, आणि त्यांचं काम बघणं हीच मोठी शिकवणी आहे. तुम्ही विचारलंत म्हणून एक सांगते: 'सेव्हरन्स'मधल्या कचेरीचा तो सपाट, सावली न पडणारा उजेड एकदा आवाज बंद करून बघा.

१६. सगळ्यात जास्त एमी कुणाकडे?

कार्यक्रमांत 'सॅटरडे नाइट लाइव्ह', शंभराच्या वर. ड्रामा मालिकांत 'गेम ऑफ थ्रोन्स', ५९. अभिनयासाठी ज्युलिया लुई-ड्रायफस आणि क्लोरिस लीचमन, प्रत्येकी आठ. ज्युलियाचे त्यांतले सहा एकट्या 'वीप'चे, ओळीने. २०२० मध्ये 'शिट्स क्रीक'ने विनोदी विभागातले मुख्य रात्रीचे सातही पुरस्कार नेले.

१७. इतकी चांगली मालिका, पण एमी नाही, असं झालंय का?

झालंय, आणि ते मनाला लागतं. 'द वायर'ला एकही एमी नाही. बाल्टिमोर शहराचे पोलीस, बंदर, शाळा, वृत्तपत्र असं एकेक अंग उलगडणारी ही मालिका आज जगभर अभ्यासली जाते. 'बेटर कॉल सॉल'ला एकूण ५३ नामांकनं मिळाली आणि पुरस्कार शून्य. रेया सीहॉर्नने त्यात किम वेक्सलर ही वकील उभी केली आहे. नुसतं केस बांधण्यातून ती बाई काय लपवते आहे ते कळतं.

म्हणून 'एमी मिळाला नाही, मग बघू की नको?' असं विचारणाऱ्यांना माझं उत्तर ठरलेलं आहे: या दोन बघा. मतदार चुकतात. त्यांच्यासमोर एका वर्षात शेकडो मालिका येतात, आणि हळूहळू चढणारी मालिका त्या गर्दीत मागे राहते.

१८. गोव्यात सोहळा किती वाजता दिसतो?

तिथे पूर्व किनाऱ्यावर रात्रीचे आठ, म्हणजे सप्टेंबरमध्ये आपल्याकडे पहाटेचे साडेपाच. तिथे रविवार असेल तर इथे सोमवार उजाडतो. जानेवारीतला ७५ वा सोहळा साडेसहाला सुरू झाला, कारण हिवाळ्यात त्यांची घड्याळं तासभर मागे जातात. २०२४ च्या सप्टेंबरमध्ये आदल्या संध्याकाळी आमच्या वाड्यावरच्या नऊ दिवसांच्या गणपतींचं विसर्जन झालं होतं, घर रिकामं रिकामं वाटत होतं, आणि 'शोगुन'चं नाव पुकारलं तेव्हा दारात पोदेराचा (पाववाल्याचा) भोंगा वाजत होता.

१९. भाषणाला किती वेळ मिळतो? मधेच संगीत का वाजवतात?

साधारण ४५ सेकंद. पुढे गेलं की वाद्यवृंद उठवतो. २०२५ मध्ये बार्गात्झीने वेगळीच युक्ती केली. मुलांसाठी काम करणाऱ्या संस्थेला एक लाख डॉलर देणार, पण जादा बोललेल्या प्रत्येक सेकंदाला हजार डॉलर वजा. आकडा शून्याखाली गेला. शेवटी त्याने आणि वाहिनीने मिळून साडेतीन लाख डॉलर दिले.

२०. चित्रपटाला एमी मिळू शकतो का? आणि 'ईगॉट' म्हणजे काय?

टीव्हीसाठी केलेल्या चित्रपटाला मिळतो. आधी ऑस्करच्या शर्यतीत उतरलेल्या चित्रपटाला आता एमीचं दार बंद आहे. पूर्वी तसं नव्हतं: 'ओ. जे.: मेड इन अमेरिका' या माहितीपटाला ऑस्करही मिळाला आणि एमीही.

एमी, ग्रॅमी, ऑस्कर, टोनी हे चारही मिळवणाऱ्याला 'ईगॉट' म्हणतात. एल्टन जॉन यांचा चौथा, म्हणजे एमी, जानेवारी २०२४ च्या सोहळ्यात आला. आपल्या ए. आर. रहमान यांच्याकडे दोन ऑस्कर आणि दोन ग्रॅमी आहेत.

२१. ताई, माझ्याकडे एकच रविवार आहे. काय बघू?

'अ‍ॅडोलेसन्स'. चार भाग, साधारण चार तास. तिसऱ्या भागाची कितीही स्तुती ऐकली असली (प्रश्न ७) तरी थेट त्यावर उडी मारू नका, पहिल्यापासून बघा. दुसऱ्या आणि तिसऱ्याच्या मधे चहा घ्या, तिसऱ्या आणि चौथ्याच्या मधे उठू नका. इंग्रजी सबटायटल लावून ठेवा. उत्तर इंग्लंडचे उच्चार कानावर बसायला पहिली वीस मिनिटं जातात, आणि त्याच वीस मिनिटांत मुलाला पोलीस ठाण्यात नेतात.